ग्रॅम्ब्लिंगचे रॉबिन्सन मास्तर

फुटबॉल हा शब्द ऐकतांच आपल्या डोळ्यांपुढें येतो तो पायानें टोलवावयाचा वाटोळा चेंडू. अमेरिकेंत त्याच नांवानें जो खेळ लोकप्रिय आहे तो अगदीं निराळा. त्याचा चेंडू लांबट व दोन्ही टोंकांना निमुळता असतो. तो हातांत घट्ट धरून धांवावयाचें, अथवा दूरच्या साथीदाराकडे नेमका फेंकावयाचा. मैदान शंभर यार्ड लांब, आणि दोन्ही पक्षांचे अकरा अकरा गडी. ज्या पक्षाकडे चेंडू असेल त्यानें चार प्रयत्नांत निदान दहा यार्ड पुढें सरकलें पाहिजे; तें न साधल्यास चेंडू प्रतिपक्षाच्या स्वाधीन होतो. प्रत्येक प्रयत्नानंतर खेळ क्षणभर थांबतो, गडी पुन्हां रांग धरतात आणि पुढची चाल ठरते. त्यामुळें वरून केवळ धसमुसळेपणाचा दिसणारा हा खेळ आंतून बुद्धिबळाच्या जातीचा आहे. अकरा जणांपैकीं प्रत्येकानें कोणत्या क्षणीं कोणत्या दिशेनें किती पावलें टाकावयाचीं, हें आधींच आंखून ठेवलेलें असतें.

ह्या चाली आंखणारा, त्या तरुणांकडून शेंकडों वेळां घोटून घेणारा, गडी निवडणारा आणि पराभव झाल्यास लोकांचे बोल ऐकून घेणारा जो गृहस्थ, त्याला मुख्य कोच म्हणतात. अमेरिकेंतील मोठ्या विद्यापीठांत त्याचा पगार पुष्कळदां खुद्द विद्यापीठाच्या अध्यक्षांच्या पगाराहूनहि अधिक असतो. आज ज्या कोचाची हकीकत मी आपणांस सांगणार आहें, त्यांनीं नोकरीस आरंभ केला तो महिना ६३ डॉलर ७५ सेंट एवढ्या वेतनावर, आणि तोहि नकाशावर सहज न सांपडणाऱ्या एका खेड्यांत. त्यांचें नांव एडी रॉबिन्सन. १९४१ पासून १९९७ पर्यंत ते एकाच कॉलेजांत राहिले आणि तेथें त्यांनीं ४०८ सामने जिंकले.

रॉबिन्सन यांचा जन्म १३ फेब्रुवारी १९१९ रोजीं लुइझियाना संस्थानांतील जॅक्सन नांवाच्या लहान गांवीं झाला. वडील दुसऱ्याची जमीन बटाईनें कसणारे कापसाचे शेतकरी. आई लोकांच्या घरीं कामाला जाणारी. पुढें एडी वाढला तो बॅटन रूज ह्या राजधानीच्या शहरांत. लुइझियानांत काळ्या माणसाचें जिणें त्या काळीं कसें होतें, हें समजण्यासाठीं एका खटल्याची आठवण पुरेशी आहे. होमर प्लेसी नांवाचा न्यू ऑर्लिन्सचा एक रहिवासी आगगाडींत गोऱ्यांसाठीं राखून ठेवलेल्या डब्यांत बसला म्हणून त्याला पकडण्यांत आलें. तो खटला वरिष्ठ न्यायालयापर्यंत गेला, आणि सोय सारखी असेल तर ती वेगळी ठेवण्यास घटनेची हरकत नाहीं, असा निवाडा १८९६ सालीं झाला. पुढील अर्धें शतक ह्या निवाड्यांतील सारखेपणा कागदावर राहिला. वेगळेपणा मात्र प्रत्येक शाळेच्या, खाणावळीच्या आणि दवाखान्याच्या दारांत पहारा करीत उभा राहिला. बॅटन रूज शहरांत लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटीचें भव्य क्रीडांगण होतें. पण त्या क्रीडांगणावर त्या विद्यापीठातर्फे खेळण्याचा मार्ग ह्या मुलाला जन्मतःच बंद होता.

एडी प्राथमिक शाळेंत असतांना, काळ्या मुलांच्या मॅकिन्ली हायस्कूलचे कोच एकदां आपले खेळाडू बरोबर घेऊन त्या शाळेंत आले. त्यांचा रुबाब आणि खेळाडू त्यांचा शब्द कसा झेलतात हें पाहून, आपणहि मोठेपणीं कोच व्हावयाचें असें त्या मुलानें मनाशीं ठरविलें. बहुतेक मुलांचे असे संकल्प आठवडाभर टिकतात. ह्याचा जन्मभर टिकला. लीलंड ह्या लहानशा कॉलेजांतून तो पदवीधर झाला. तेथें त्यानें फुटबॉलहि गाजविला. परंतु पदवी घेऊन बाहेर पडल्यावर हाताला लागलें तें जनावरांचें खाद्य तयार करणाऱ्या गिरणींतील काम, तासाला २५ सेंट मजुरीचें. १९४१ सालीं लग्न झालें. पत्नीचें नांव डोरिस. त्याच सुमारास उत्तर लुइझियानांतील एका शाळेला कोच हवा असल्याचें कळलें, आणि वयाच्या बाविसाव्या वर्षीं रॉबिन्सन तेथें रुजू झाले.

ह्या संस्थेचा इतिहासहि मोठा बोधप्रद आहे. १९०१ सालीं ग्रॅम्ब्लिंग ह्या खेड्याच्या परिसरांतील काळ्या शेतकऱ्यांनीं आपल्या मुलांसाठीं शाळा काढण्याचें मनावर घेतलें आणि टस्कीगीचे बुकर टी. वॉशिंग्टन ह्यांच्याकडे साहाय्य मागितलें. वॉशिंग्टन ह्यांचें आत्मचरित्र मराठींत उतरलें असल्यानें त्यांची ओळख आपल्या वाचकांना नवी नाहीं. त्यांनीं चार्ल्स ॲडॅम्स ह्या आपल्या विद्यार्थ्यास तेथें धाडलें, आणि शाळा उभी राहिली. रॉबिन्सन रुजू झाले तेव्हां तिचें नांव ‘लुइझियाना नीग्रो नॉर्मल ॲण्ड इंडस्ट्रियल इन्स्टिट्यूट’ असें लांबलचक होतें. आपल्या संघाला उत्तेजन देण्यासाठीं हें नांव पुरतें ओरडून होईपर्यंत प्रतिपक्ष गुण मिळवून मोकळा होतो, अशी थट्टा तेथलेच लोक करीत. १९४६ सालीं तें नांव जाऊन सुटसुटीत ‘ग्रॅम्ब्लिंग कॉलेज’ आलें, आणि १९७४ सालीं कॉलेजाचें विद्यापीठ झालें. संस्थेचे अध्यक्ष राल्फ जोन्स हेहि हौशी गृहस्थ होते. अध्यक्षपद सांभाळून ते बेसबॉलच्या संघाचे कोच म्हणून काम पाहत.

अशा ठिकाणीं मुख्य कोच म्हणजे काय काय असतें, हें रॉबिन्सन यांना पहिल्याच वर्षीं उमगलें. मैदानावरील गवत कापणें, त्यावर चुन्याच्या रेघा मारणें, खेळाडूंच्या दुखऱ्या घोट्यांना पट्ट्या बांधणें, सामन्याच्या मध्यंतरांत कवाइत करणाऱ्या मुलींना शिकविणें आणि सामना संपल्यावर त्याचा वृत्तांत लिहून वर्तमानपत्रांकडे पाठविणें, हीं सर्व कामें त्यांचींच. पहिल्या वर्षीं संघानें तीन सामने जिंकले व पांच गमावले. दुसऱ्या वर्षीं, म्हणजे १९४२ सालीं, नऊच्या नऊ सामने जिंकले. आणि नवलाची गोष्ट अशी कीं, त्या नऊ सामन्यांत प्रतिपक्षास एकहि गुण मिळवितां आला नाहीं. त्यानंतर महायुद्धामुळें दोन वर्षें कॉलेजाचा संघ नव्हता, तेव्हां ते गांवच्या हायस्कुलांतील मुलांना शिकवीत. त्या काळची एक गोष्ट सांगतात. कापूस वेंचणीचे दिवस आले आणि एका शेतकऱ्यानें आपल्या मुलांना संघांतून काढून शेतावर नेलें. रॉबिन्सन यांनीं बापाशीं वाद घातला नाहीं. सगळा संघ घेऊन ते शेतावर गेले, सर्वांनीं मिळून कापूस वेंचला, आणि मुलें खेळावयास मोकळीं झालीं. बटाईदाराच्या मुलाला शेतकऱ्याची अडचण समजावून सांगण्याची गरज नव्हती.

त्यांची शिकविण्याची पद्धति साधी होती व फार कडक होती. सकाळीं सहाच्या सुमारास हातांत गाईच्या गळ्यांतली घंटा घेऊन ते वसतिगृहांतून फिरत आणि खेळाडूंना उठवीत. तें व्यायामासाठीं नव्हे, तर वर्गांत वेळेवर जावें म्हणून. मैदानावर एखादी चाल मनासारखी वठली नाहीं तर ती पुन्हां, पुन्हां आणि आणखी एकदां करवून घेत. चालींची संख्या थोडी असावी, पण प्रत्येक चाल झोंपेंतहि बिनचूक व्हावी, असा त्यांचा कटाक्ष. परगांवीं जातांना खेळाडूंच्या अंगांत कोट व गळ्यांत टाय असलाच पाहिजे. चारचौघांत जेवावें कसें, नोकरीसाठीं भेटावयास गेल्यास बोलावें कसें, हेंहि ते शिकवीत. स्वतः रॉबिन्सन शिकावयाचेहि थांबले नाहींत. नोकरी करतां करतां १९५४ सालीं त्यांनीं आयोवा विद्यापीठाची एम्. ए. ची पदवी मिळविली.

कोट व टाय घातलेल्या ह्या मुलांना वाटेवरच्या खाणावळींत मात्र प्रवेश नसे. म्हणून निघण्यापूर्वीं रॉबिन्सन पावाचे तुकडे भरून शिदोरी बांधीत, आणि संघ मोटारींतच जेवी. हा प्रसंग वर्षांतून एकदां येणारा नव्हता. दक्षिणेंतील प्रत्येक दौऱ्यांत तो ठरलेला असे. माणसाला बाहेर जी वागणूक मिळते तिच्यावरून त्यानें आपली किंमत करूं नये, हा धडा ह्या शिदोरीबरोबर रोज दिला जात होता.

आतां ह्या भिंतीपलीकडे काय होतें तें पाहूं. अमेरिकेंत धंदेवाईक फुटबॉलचे संघ असतात, आणि कॉलेजांतून गाजलेले खेळाडू त्यांत घेतले जातात. १९३४ पासून १९४५ पर्यंत ह्या संघांच्या मुख्य मंडळांत, म्हणजे नॅशनल फुटबॉल लीगमध्यें, एकहि काळा खेळाडू नव्हता. १९४६ सालीं लॉस एंजेलिसच्या संघानें दोघांना घेतलें; पण ते दोघेहि गोऱ्या बहुसंख्येच्या मोठ्या विद्यापीठांत शिकलेले होते. केवळ काळ्या विद्यार्थ्यांच्या कॉलेजांत वाढलेला खेळाडू ह्या पंक्तीस बसूं शकेल, हें कोणी मानावयास तयार नव्हतें. १९४९ सालीं रॉबिन्सन यांचा शिष्य पॉल यंगर ह्याला त्याच लॉस एंजेलिसच्या संघानें बोलावलें. निघण्यापूर्वीं गुरूनें त्याला बजावलें कीं, तूं नापास झालास तर ते पुन्हां आपल्या कॉलेजांकडे फिरकणार नाहींत. केवढें हें ओझें एका तरुणाच्या खांद्यावर! इतरांनीं चुकलें तर एकट्याचें चुकलें. ह्यानें चुकलें तर सगळ्यांचें चुकलें. यंगर चुकला नाहीं. तो दहा हंगाम खेळला, आणि १९५१ सालीं अजिंक्यपद मिळविणाऱ्या संघांत तो होता.

दार किलकिलें झालें आणि ग्रॅम्ब्लिंगहून एकामागून एक खेळाडू येऊं लागले. १९६३ सालीं अमेरिकन फुटबॉल लीग ह्या दुसऱ्या मंडळाच्या निवडींत सर्वांआधीं पुकारलें गेलें तें ग्रॅम्ब्लिंगच्या बक ब्युकॅनन ह्याचें नांव. रॉबिन्सन यांचे दोनशेंहून अधिक शिष्य धंदेवाईक संघांत गेले, आणि त्यांपैकीं ब्युकॅनन, विली डेव्हिस, विली ब्राउन व चार्ली जॉइनर ह्या चौघांना पुढें त्या खेळाच्या कीर्तिमंदिरांत स्थान मिळालें.

तरीहि एक दार बंदच होतें. संघांत ‘क्वार्टरबॅक’ नांवाचा एक गडी असतो. प्रत्येक चालीच्या आरंभीं चेंडू त्याच्या हातीं येतो, आणि समोरची रचना पाहून काय करावयाचें हें त्याला पळभरांत ठरवावें लागतें. त्याला मैदानावरील सेनापति म्हणावें. काळा माणूस जोरानें धांवेल, बळानें अडवील. पण दहा गोऱ्या गड्यांना आज्ञा देण्याचें डोकें त्याच्यापाशीं नाहीं, अशी समजूत संघांच्या मालकांत रुजलेली होती. त्यामुळें कॉलेजांत क्वार्टरबॅक असलेल्या काळ्या तरुणाला धंदेवाईक संघांत जातांच दुसऱ्या जागेवर हलवीत. रॉबिन्सन यांनीं ह्या समजुतीविरुद्ध व्याख्यानें दिलीं नाहींत. त्यांनीं क्वार्टरबॅक घडविले. त्यांचा जेम्स हॅरिस १९६९ सालीं बफेलोच्या संघाचा हंगामाच्या पहिल्याच सामन्यांत क्वार्टरबॅक झाला. असा मान त्यापूर्वीं कोणाहि काळ्या खेळाडूस मिळाला नव्हता. त्यानंतर आला डग विल्यम्स. ३१ जानेवारी १९८८ रोजीं धंदेवाईक फुटबॉलचा अंतिम सामना, ज्याला ‘सुपर बोल’ म्हणतात, सॅन डिएगो येथें झाला. वॉशिंग्टनच्या संघाचा क्वार्टरबॅक विल्यम्स होता. सामन्याच्या दुसऱ्या चतुर्थांशांत त्याच्या संघानें ३५ गुण केले आणि सामना ४२ विरुद्ध १० असा जिंकला. सर्वोत्तम खेळाडू म्हणून विल्यम्सचीच निवड झाली. रॉबिन्सन त्या दिवशीं प्रेक्षकांत होते. जी गोष्ट अशक्य म्हणून मोठमोठे जाणते सांगत आले होते, ती कोट्यवधि लोकांनीं आपल्या डोळ्यांनीं पाहिली.

रॉबिन्सन मोर्च्यांत चालले नाहींत. १९६० नंतरच्या दशकांत वर्णभेदाविरुद्ध लोक रस्त्यावर उतरले, तुरुंगांत गेले, कित्येकांनीं प्राण दिले. तेव्हां हा मनुष्य रोज दुपारीं मैदानावर मुलांना चाली शिकवीत होता. कांहीं तरुणांना त्यांचें हें मौन रुचलें नाहीं, आणि त्यांच्या रागाला आधार नव्हता असें म्हणतां येणार नाहीं. कायदा बदलला तो मोर्च्यांनीं आणि न्यायालयांनीं. फुटबॉलच्या विजयांनीं बदलला नाहीं. पण कायद्यानें दार उघडल्यावर आंत जाण्यास योग्य माणूस दाराशीं तयार असावा लागतो, आणि असा माणूस एका दिवसांत तयार होत नाहीं. रॉबिन्सन यांनीं आपला वांटा हा मानला होता.

ह्यापुढें त्यांच्या कारकीर्दींतील खरी कसोटी येते. सप्टेंबर १९७० मध्यें कॅलिफोर्नियाचा एक संघ ॲलाबामा विद्यापीठाशीं खेळावयास दक्षिणेंत आला. ॲलाबामाचे कोच बेअर ब्रायंट हे त्या काळचे मोठे नामांकित. त्यांचा संघ सगळा गोरा. पाहुण्यांच्या संघांतील सॅम कनिंगहॅम ह्या काळ्या खेळाडूनें चेंडू घेऊन १३५ यार्ड मजल मारली आणि ॲलाबामाचा ४२ विरुद्ध २१ असा पराभव झाला. पुढच्याच वर्षीं ॲलाबामाच्या संघांत काळे खेळाडू दिसूं लागले. दक्षिणेंतील इतर विद्यापीठांनींहि हळूहळू तोच मार्ग धरला. न्यायाच्या दृष्टीनें हें व्हावयासच हवें होतें. परंतु ग्रॅम्ब्लिंगवर त्याचा काय परिणाम झाला? पूर्वी लुइझियानांतील गुणी काळ्या मुलाला रॉबिन्सन यांच्याकडे येण्यावांचून फारसा पर्याय नसे. आतां त्याच्या दारीं मोठ्या विद्यापीठांचे कोच येऊं लागले. त्यांच्यापाशीं विशाल क्रीडांगणें होतीं, भरपूर पैसा होता, दूरचित्रवाणीवरील कीर्ति होती. जी भिंत पडावी म्हणून ग्रॅम्ब्लिंगच्या शिष्यांनीं इतकी वर्षें धडका दिल्या, ती पडली; आणि तिच्या वाटेनें उत्तमोत्तम मुलें ग्रॅम्ब्लिंगला वळसा घालून निघून गेलीं.

ह्या गोष्टीचें रॉबिन्सन यांनीं भांडवल केलें नाहीं. जीं मुलें आलीं त्यांना ते पूर्वीच्याच निष्ठेनें शिकवीत राहिले. ५ ऑक्टोबर १९८५ रोजीं डॅलस येथें प्रेअरी व्ह्यू कॉलेजावर मिळविलेला विजय हा त्यांचा ३२४ वा. ब्रायंट हे १९८३ सालीं वारले होते व त्यांच्या नांवावर ३२३ विजय होते. तेव्हां कांहींनीं कुरकुर केली कीं, लहान कॉलेजांवरील विजय आणि मोठ्या विद्यापीठांवरील विजय एका तराजूंत कसे घालावेत? प्रश्न अगदींच गैर नाहीं. पण ज्याला मोठ्या विद्यापीठांशीं खेळण्याची मनाई होती, त्याला तूं लहानांशीं कां खेळलास, असें विचारणें न्यायाचें होत नाहीं. १९९५ सालीं रॉबिन्सन यांनीं चारशें विजय पुरे केले. आपला खरा विक्रम विचाराल तर पन्नासांहून अधिक वर्षें एकच नोकरी आणि एकच पत्नी, असें ते म्हणत.

शेवटचीं वर्षें सुखाचीं गेलीं नाहींत. १९९६ सालीं अकरांपैकीं तीनच सामने जिंकले गेले, आणि मास्तरांनीं आतां निवृत्त व्हावें असें संस्थेंतल्या लोकांनाच वाटूं लागलें. लोकांनीं व खुद्द गव्हर्नरांनीं शब्द टाकला तेव्हां एक वर्ष वाढवून मिळालें. त्या वर्षींहि विजय तीनच. १९९७ च्या नोव्हेंबरांत न्यू ऑर्लिन्स येथें झालेला शेवटचा सामना ते हरले. एकंदर हिशेब असा : ४०८ विजय, १६५ पराजय, १५ बरोबरी. पुढें २००३ सालीं जॉन गॅग्लिआर्डी ह्या मिनेसोटांतील कोचानें हा आंकडाहि ओलांडला. विक्रम हे मोडण्यासाठींच असतात. रॉबिन्सन यांच्यामागें ग्रॅम्ब्लिंगचा मुख्य कोच म्हणून १९९८ सालीं जो आला, तो होता डग विल्यम्स. आणि २००० पासून लागोपाठ तीन वर्षें त्यानें कॉलेजाला मंडळाचें अजिंक्यपद मिळवून दिलें.

अखेरच्या काळांत रॉबिन्सन यांना स्मृतिभ्रंशाच्या विकारानें ग्रासलें होतें. शेंकडों चाली आणि हजारों मुलांचीं नांवें सांठविलेलें तें मन हळूहळू रितें होत गेलें. फेब्रुवारी २००७ मध्यें सुपर बोलच्या सामन्यांत दोन्ही संघांचे मुख्य कोच, टोनी डंजी व लव्ही स्मिथ, हे काळे होते. असें पूर्वी कधीं घडलें नव्हतें. त्यानंतर दोन महिन्यांनीं, ३ एप्रिल २००७ रोजीं, रॉबिन्सन यांचें वयाच्या ८८ व्या वर्षीं देहावसान झालें. लोकांना अंत्यदर्शन घेतां यावें म्हणून त्यांचा देह बॅटन रूज येथें, लुइझियानाच्या विधिमंडळाच्या इमारतींत ठेवण्यांत आला. ज्या शहरांत गोऱ्यांच्या विद्यापीठाचें दार त्यांना बंद होतें, त्याच शहरांत राज्याच्या मुख्य मंदिराचीं दारें त्यांच्यासाठीं उघडीं होतीं. आणि त्यांच्या हाताखालून गेलेले, आतां केस पिकलेले विद्यार्थी आपल्या मास्तरांना शेवटचा नमस्कार करण्यासाठीं तेथें आले होते.